डाव्या कोपराचा अभ्यास

माझ्या डाव्या कोपरावर विद्यापीठात अभ्यास झालेला आहे. हे कोणाला सांगितलं की लोक आधी माझ्या कोपराकडं बघतात, मग माझ्याकडं, आणि मग आमच्या ह्यांच्याकडं सहानुभूतीनं. पण खरंच झालाय. प्रबंधात फोटो आहे, फोटोखाली दोन परिच्छेद आहेत, आणि कोपर सोडून उरलेली मी त्यात कुठंच नाही. वसमतमध्ये आजवर पुष्कळ मोठी माणसं झाली असतील, पण एकाच्याही कोपराला हा मान मिळाल्याचं माझ्या ऐकिवात नाही.

तो अभ्यास आमच्या वरच्या मजल्यावर राहणाऱ्या मॅडमनी केला.

वरच्या दोन खोल्या आम्ही भाड्यानं देतो. येणारा माणूस नळाला पाणी कधी येतं ते विचारतो, गाडी कुठं लावायची ते विचारतो. ह्या बाईंनी दारातच विचारलं, "घरात पेपर येतो का? आधी कोण वाचतं?"

मी म्हणलं, "आधी आमचे हे वाचतात. मग चहा पिऊन पुन्हा हेच वाचतात. मग तो ह्यांच्यासोबत दुकानात जातो. दुपारी परत आला की आत्याबाई त्याच्यावर कुरडया वाळवतात." आत्याबाई म्हणजे माझ्या सासूबाई.

"अन तुमी?"

"मी त्यात लिहिते ना!"

बाई हसायला लागल्या. इतक्या हसल्या की त्यांना जिन्याच्या पायरीवर बसावं लागलं. हसणं ओसरल्यावर डोळे पुसून म्हणाल्या, "खोली पसंत हाय." खोली त्यांनी अजून बघितलीच नव्हती.

मॅडम मूळच्या डोंगरकडा गावाकडच्या एका तांड्यावरच्या. शिकत शिकत पार पुण्यापर्यंत जाऊन आलेल्या, आणि आता कॉलेजात पत्रकारिता शिकवायच्या, तेही तासाच्या हिशेबानं. उरलेल्या वेळात त्यांचं संशोधन चालायचं. जिल्ह्यातल्या पेपरात बाई कुठं असते, किती असते आणि ते कोण ठरवतं, असा काहीतरी विषय. त्याचं खरं नाव इतकं लांब होतं की मॅडमनी सांगायला सुरुवात केली की आमचे हे "आलोच" म्हणून दुकानात जाऊन यायचे.

ह्या संशोधनापायी मॅडमच्या गळ्यात कायम शिंप्याची टेप असायची. पेपर आला की त्या वाचायच्या नाहीत, मोजायच्या. कॉलेजातली पोरं त्यांना टेलर मॅडम म्हणायची. एकदा त्या टेप गळ्यात तशीच ठेवून भाजी आणायला गेल्या, तर एका बाईनं त्यांना ब्लाउजचं माप दिलं. मॅडमनी ते गुमान घेतलं, आणि घरी आल्यावर मला म्हणाल्या, "आता हिला ब्लाउज कोण शिवून देणार हो?"

बसस्टँडवर भजे घेतले तर त्या आधी कागद उलटून बघायच्या. कागदावर एखादी बातमी सापडली की भजे सरळ ओढणीत ओतायच्या आणि तो तेलकट कागद उन्हाला धरून वाचायच्या. भजेवाल्याला वाटलं, बाईंना आपले भजे आवडत नाहीत. त्यानं जाहिरातीच्या पानात बांधून द्यायला सुरुवात केली. मॅडम दुप्पट खूश झाल्या. जाहिरातीत बायका जास्त असतात.

आमच्या घरी कोणीही पुरुषमाणूस येऊन राजकारणावर बोलायला लागला, की वरून मॅडम उतरायच्या आणि अगदी नम्रपणे विचारायच्या, "तुमी बोलत होते तवा चहा कोणी केला?" पाहुणा गडबडायचा. आमच्या ह्यांनी तर ह्या प्रश्नाचा इतका धसका घेतला की कोणी आलं की स्वतःच गॅस पेटवायला धावायचे. मला एकदा हळूच म्हणाले, "ह्या भाड्यानं राहून राहिल्या का आपली तपासणी करून राहिल्या?"

आता माझ्याबद्दल. मी हिंगोलीहून निघणाऱ्या एका पेपरची वसमतची महिला प्रतिनिधी. माझ्या स्कूटीवर मोठ्या अक्षरात 'प्रेस' लिहिलेलं आहे. पोलीस अडवतात आणि विचारतात, "मालकांची गाडी का?" माझ्याकडं महिलांचं पान होतं. हळदीकुंकू, रांगोळी स्पर्धा, आणि उन्हाळ्यात चेहऱ्याची काळजी. ती काळजी लिहिताना मी गच्चीवर पापड वाळवत उभी असायची आणि माझा चेहरा पापडांच्या बरोबरीनं भाजायचा.

मला खरं पाहिजे होता मोंढा, म्हणजे शेतमालाचा मोठा बाजार. वसमतच्या मोंढ्यात हळदीच्या राशी पडतात तेव्हा सगळं गाव पिवळं होतं, खोकलासुद्धा पिवळा येतो. माझं माहेर हळदीचं. लांब कांडी कोणती, गोल गट्टू कोणता, कोणती हळद नीट शिजली आणि कोणती कच्ची राहिली, हे मला अक्षरओळख व्हायच्या आधीपासून कळतं. पण मोंढ्याच्या बातम्या होत्या आमच्याच पेपरच्या दुसऱ्या प्रतिनिधीकडं, गजूभाऊंकडं. म्हणजे कपाळाला लावायची हळद माझ्याकडं आणि पोत्यातली हळद त्यांच्याकडं, अशी साहेबांनी वाटणी केलेली. साहेब म्हणजे आमचे संपादक.

एकदा पुरणपोळी द्यायला आत्याबाई वर गेल्या आणि ताट तसंच घेऊन खाली आल्या. "वर काय जादूटोणा चालू हाय का ग? भिंतभर नुसते हात लटकवलेत!"

मी जाऊन बघितलं. हात नव्हते, कोपरं होती. पेपरातल्या फोटोंची कात्रणं, आणि प्रत्येकात कडेला एक कोपर. बांगड्यांचं, काठापदराचं.

मॅडमनी समजावून सांगितलं. कार्यक्रमात फोटो काढायचा म्हणलं की गडीमाणसं मध्ये दाटतात. सगळ्यात शेवटी कोणालातरी आठवतं, "या ताई, तुमी बी या." ताई कडेला उभ्या राहतात. फोटो ऑफिसात जातो, जागा कमी पडते, ऑफिसवाला कडा कापतो. ताई जाते, कोपर राहतं.

"मुद्दाम कोणीच करत न्हाई बरं का," मॅडम म्हणाल्या. "त्याचाच तर अभ्यास हाय."

आत्याबाई तोवर भिंतीजवळ गेल्या होत्या. चष्मा पुसून म्हणाल्या, "ह्या पाटल्या तर आपल्या गल्लीतल्या त्या दोघी जावांतल्या थोरलीच्या हाईत. धाकटीच्या पदराखाली कशा गेल्या?" त्या दिवशी संशोधन तिथंच थांबलं. संध्याकाळपर्यंत दोघी भिंतीसमोर पुरणपोळी खात बसल्या होत्या.

मॅडमना हे कोपराचं वेड कसं लागलं ते त्यांनी मला एकदा ओघात सांगितलं. त्यांच्या तांड्यावर कोणी मोठे अधिकारी आले होते. फोटोसाठी मॅडमच्या आईला मुद्दाम आरशांचा, कवड्यांचा जुना पोशाख घालायला लावला आणि अगदी मध्ये उभं केलं. म्हणजे आईचं कोपर कापलं गेलं नाही, आई पूर्ण आली. फोटोखाली सगळ्यांची नावं होती. आईच्या जागी छापलं होतं, 'पारंपरिक वेशातील महिला'.

"म्या आईला वाचून दाखवलं," मॅडम म्हणाल्या. "तर आई म्हणली, माजं नाव इतकं लांब कवा झालं?" आणि पुन्हा पायरीवर बसून हसल्या. त्या दिवशी त्यांचं हसणं मला जरा जास्तच लांबल्यासारखं वाटलं.

मग ते प्रकरण घडलं. गजूभाऊ मेव्हण्याच्या लग्नाला गेले होते आणि इकडं अवकाळी पाऊस आला. एका आडतीच्या शेडचे पत्रे गळत होते. हळद झाकायला लोक धावले, आणि हळद निवडणाऱ्या बाया भर पावसात बाहेर उभ्या, कारण आत जागा पोत्यांना दिलेली. मी स्कूटीवर तिथं पोचले. बायांशी बोलले, हमालांशी बोलले, आडत्याशी भांडले, आणि आयुष्यात पहिल्यांदा चेहऱ्याची काळजी सोडून दुसरं काहीतरी लिहून पाठवलं.

दुसऱ्या दिवशी बातमी पानभर आली. वर गजूभाऊंचा फोटो आणि नाव. त्यात कोणाची लबाडी नव्हती. मोंढ्याच्या पानावर ते नाव कायमचंच असायचं, पोत्यावर आडतीचा छाप असतो तसं. आत काय भरलंय ते छाप मारणारा कुठं बघतो?

मॅडम टेप घेऊन खाली आल्या. बातमी उभी मोजली, आडवी मोजली. "सगळी तुमची," त्या म्हणाल्या. "गजूभाऊंचं फकस्त नाक हाय वर."

त्यांनी मला हिंगोलीला साहेबांकडं नेलंच. एसटीत बसल्यापासून त्या मला पढवत होत्या. "विनंती करायची न्हाई. मोंढा माझा, असं म्हणायचं." मी साहेबांसमोर बसले आणि म्हणलं, "साहेब, मोंढा माझ्याकडं दिला तर लय उपकार होतील." शेजारी मॅडमनी डोळे मिटले.

साहेब मायेनं हसले. "ताई, मोंढा म्हणजे धूळ, हमाल, शिवीगाळ. आपण सगळे एका कुटुंबासारखे. तुम्हाला तिथं कसं पाठवू? तुम्ही हळदीकुंकू काय सुंदर लिहिता! बरं, जाता जाता बाहेर जरा चहा सांगा ना, तीन."

मी उठून चहा सांगितला. परत आले तर मॅडम साहेबांकडं एकटक बघत होत्या, आणि टेपचं टोक बोटाला गुंडाळत होत्या.

थोड्याच दिवसांत कळलं की आमच्या पत्रकार संघटनेच्या हिंगोलीतल्या वार्षिक कार्यक्रमात उत्कृष्ट बातमीचा पुरस्कार आहे, आणि तो गजूभाऊंना आहे. ह्याच बातमीला. गजूभाऊंचा फोन आला. "ताई, मी नको म्हणत होतो. साहेब म्हणले, पान तुमचं, बक्षीस तुमचं."

संघटनेची एक प्रथा आहे. सत्कारमूर्तींना आधी ओवाळतात, मग शाल घालतात. संघटनेत बाई एकच, मी. त्यामुळं दरवर्षी ताट माझ्याच हातात. त्याबद्दल शेवटी मला एक ब्लाउजपीस मिळतो. पत्रकारितेतून माझ्याइतके ब्लाउजपीस कमावलेली बाई अख्ख्या मराठवाड्यात नसेल. एकाही ब्लाउजपीसाशी जुळणारी साडी मात्र अजून मिळालेली नाही.

कार्यक्रमाच्या आदल्या दिवशी मॅडम म्हणाल्या, "तुमच्या बातमीसाठी तुमीच त्यांना ओवाळणार?"

"नाही म्हणलं तर कसं दिसेल?"

"काहून? तुमी तशा बी दिसत न्हाईत. कोपर दिसतं."

हे मला लागलं. पण लागलं तरी मी ठेवणीतली साडी इस्त्री केलीच.

सभागृह भरलेलं. साहेब मंचावर. मॅडम नेहमीप्रमाणे सगळ्यात मागच्या रांगेत, तिथून चहावाला दिसतो म्हणून. माझ्याच बातमीतली वाक्यं सूत्रसंचालकानं मोठ्यानं वाचून दाखवली. लोकांनी टाळ्या वाजवल्या. माझ्या हातात ताट असल्यामुळं मला वाजवता आल्या नाहीत.

मी गजूभाऊंसमोर गेले. त्यांना घाम फुटलेला. कुंकू लावलं तर ते घामानं नाकावर ओघळलं. "ताई, लौकर ओवाळा," ते पुटपुटले. मी ओवाळलं. आता ओवाळल्यावर आपल्याकडच्या माणसाचा हात आपोआप खिशात जातो. दरवर्षी कोणीच काही टाकत नाही, पण गजूभाऊंना बहुतेक मनातून खात होतं. त्यांनी एक नोट काढून ताटात ठेवली.

सूत्रसंचालक मोठा हौशी. त्यानं माईक माझ्या तोंडाजवळ आणला. "बघा, खरा भाऊ! ताई, एवढ्यावर भागवू नका. मागा, भावाला काय पाहिजे ते मागा!"

मॅडमनी पढवलेलं एकही वाक्य मला आठवलं नाही. मी नोट उचलून गजूभाऊंच्या हातात परत दिली आणि म्हणलं, "भाऊ, नोट नको. ओवाळणीत मोंढा द्या."

सभागृह हसलं. साहेबही हसले. गजूभाऊ हसले नाहीत. नाकावरचं कुंकू रुमालानं पुसून ते माईकात म्हणाले, "दिला, ताई. आन ती बातमी बी तुमचीच होती."

हसू एकदम थांबलं, आणि मग ज्या टाळ्या पडल्या! साहेब उठून म्हणाले, "अहो, गंमत चालू आहे." गजूभाऊ म्हणाले, "साहेब, ओवाळणी माघारी घेता येत न्हाई. माझी आई मला घरात घेणार न्हाई." साहेब पुन्हा खुर्चीत बसले. पुरस्काराची शाल गजूभाऊंनी काढून माझ्या खांद्यावर टाकली. ब्लाउजपीस मला त्याही वर्षी मिळाला.

मला वाटलं, मॅडम मागून धावत येतील आणि मला मिठी मारतील. मॅडम थेट स्टँडवर जाऊन वसमतच्या गाडीत बसल्या होत्या. मी शेजारी बसले तर त्या खिडकीबाहेर बघून बोलायला लागल्या. रागावल्या की त्या पुस्तकी मराठीत जायच्या.

"तुम्ही तुमचा हक्क ओवाळणी म्हणून स्वीकारलात. बहीण झालात, मग मिळालं. उद्या भाऊ रुसला तर?"

"मॅडम, पण मिळाला ना मोंढा?"

"सत्ता लाडानं मिळत नाही, हा माझ्या शेवटच्या प्रकरणाचा निष्कर्ष आहे. तो मी आता कुठे ठेवू?"

"बदला की."

मॅडम उठल्या आणि ड्रायव्हरच्या मागच्या सीटवर जाऊन बसल्या. वसमत येईपर्यंत मी शाल पांघरून एकटीच होते. शालीत उकडत होतं, पण काढवत नव्हती.

त्यांचं चुकलं होतं असं मला आज म्हणवत नाही. साहेब अजूनही पाहुण्यांना माझी ओळख करून देतात, "ह्या आमच्या ताई. गजूभाऊंनी बहिणीला पान दिलं." तेव्हा मी हसते, आणि मनातल्या मनात मॅडम उठून पुढच्या सीटवर जाऊन बसतात.

दुसऱ्या दिवशी पेपरात कार्यक्रमाचा फोटो आला. साहेब, सूत्रसंचालक, शालीविना गजूभाऊ. डाव्या कडेला ताटाचा अर्धा गोल आणि एक कोपर. आत्याबाईंनी ठेवणीतल्या साडीच्या काठावरून लगेच ओळखलं. मॅडम अजून बोलत नव्हत्या, पण खाली आल्या, न बोलता कात्री घेतली, न बोलता कोपर कापलं आणि वर गेल्या.

त्या बोलायला लागल्या माझ्या मोंढ्याच्या पहिल्या बातमीनंतर. निवडणाऱ्या बायांना शेडमध्ये जागा द्यायचं आडत्यानं कबूल केलं होतं. मी त्या सगळ्यांचा फोटो काढला आणि खाली एकूणएक बाईचं पूर्ण नाव लिहिलं. साहेबांचा फोन आला, "ताई, फोटोपेक्षा नावं मोठी झाली." मी म्हणलं, "फोटो लहान करा." हे असं काही मी बोलू शकते हे मलाच माहीत नव्हतं. फोन ठेवून मी जिन्यात बसले.

तेवढ्यात वरून मॅडमचा आवाज आला. त्या फोनवर आईला पेपर वाचून दाखवत होत्या. बातमी नाही, नुसती नावं. एकेक नाव सावकाश, थांबून. पलीकडून आई काहीतरी विचारायची, आणि मॅडम तेच नाव पुन्हा वाचायच्या. सगळी वाचून झाल्यावर त्या खाली आल्या, माझ्या शेजारी पायरीवर बसल्या आणि म्हणाल्या, "चहा कोण करतं आज?"

आतून आमचे हे ओरडले, "ठेवलाय, ठेवलाय!"

मॅडम पुढं दूरच्या एका विद्यापीठात गेल्या, पक्क्या नोकरीवर. वरच्या खोल्यांत आता एक बँकेतला माणूस राहतो. तो पाण्याबद्दल फार बोलतो. प्रबंध पूर्ण झाल्यावर मॅडमनी मला माझ्या कोपराचं पान पाठवलं. शेवटचं प्रकरण त्यांनी बदलल्याचं त्यात कुठं म्हणलेलं नाही. फक्त एका जागी लिहिलंय की ह्या कोपराबाबत मतभेद आहेत.

राहिले गजूभाऊ. मी त्यांच्याकडून मोंढा जिंकून घेतला असा माझा पुष्कळ दिवस समज होता. मग एकदा ते म्हणाले, "ताई, खरं सांगू का? मला त्या धुळीची लय तकलीफ व्हायची. सुटलो बघा." बदल्यात साहेबांनी त्यांना महिलांचं पान दिलं. उन्हाळ्यात चेहऱ्याची काळजी आता गजूभाऊ लिहितात, आणि आमच्या गल्लीतल्या बायका म्हणतात, आधीपेक्षा बरं असतं.

मागच्या संक्रांतीनंतर त्यांनी स्वतः पुढाकार घेऊन मोठ्ठं हळदीकुंकू घडवून आणलं. बायका फोटोत मध्ये दाटल्या. शेवटी कोणीतरी म्हणालं, "या गजूभाऊ, तुमी बी या." सकाळीच त्यांचा मला फोन. "ताई, पेपर बघितला का? सगळं मी केलं, आन माझं निस्तं कोपर आलंय हो!"

मी बघितलं. उजव्या कडेला, शर्टाची दुमडलेली बाही, खाली घड्याळ. स्वच्छ, पुरुषी कोपर. मला इतका आनंद झाला की मी तसाच फोटो मॅडमना पाठवला आणि खाली लिहिलं, "मॅडम, बदललं बघा!"

संध्याकाळपर्यंत उत्तर आलं नाही. मग आलं, पुस्तकी मराठीत.

"एका कोपरावरून निष्कर्ष काढता येत नाही. अजून पाठवा."